डोक्याकडचा दोर

जर्मनकाकांना "गाव कुठलं तुमचं?" असं विचारायची चूक मस्कतच्या दार्सैतमध्ये नवीन आलेला माणूसच करायचा. जुने लोक तो प्रश्न टाळायचे, कारण उत्तर अर्ध्या तासाच्या आत संपत नसे. काका गुहागरकडचे. आडनाव, बोलण्यातला हेल, कुळथाच्या पिठल्यावरचा जीव, सगळं अस्सल गुहागरकडचं. पण गावाचा विषय निघाला की हा माणूस खुर्चीत सरळ व्हायचा आणि सांगू लागायचा, "आमचं गाव डोंगराच्या उतारावर आहे. तीनशे वस्ती. एक चर्च, एक ओढा, एक भट्टी." समोरचा गुहागरच्या नकाशावर चर्च शोधत बसायचा. गाव असायचं जर्मनीत.

तरुणपणी पुण्याच्या एका कारखान्याने त्यांना तिकडे यंत्रं शिकायला पाठवलं होतं. कारखाना शहरात होता, पण राहायची सोय जवळच्या खेड्यात एका विधवा बाईंच्या माडीवर झाली. वर्षभरासाठी गेलेले काका सहा-सात वर्षं राहिले. मग लग्न, मुलगी आणि मस्कत. मी लग्न होऊन दार्सैतला आले तेव्हा ते आमच्या मजल्यावर मधल्या फ्लॅटमध्ये राहत आणि बरक्याच्या एका पाण्याच्या बाटल्यांच्या फॅक्टरीत मशिनं सांभाळत. काकू चिपळूणला मुलीजवळ असायच्या, थंडीत दोन महिने यायच्या. बरक्यातच घर का घेत नाही, रोज एवढी गाडी का हाणता, असं माझ्या नवऱ्याने त्यांना एकदा विचारलं.

"जिथून देवळात चालत जाता येत नाही ते गाव कसलं?" काका म्हणाले.

तिकडे ते चर्चला चालत जायचे, इथे कृष्णाच्या देवळात. देव कुठला याची त्यांना फार फिकीर नव्हती. चालत जायचं, वाटेत भेटेल त्याला नमस्कार करायचा, आणि कोण आलं नाही ते बघून परत येताना त्याची बेल वाजवायची. मी एकदा सर्दीमुळे देवळात गेले नाही, तर हा माणूस दारात उभा. "बरं आहे ना?" म्हणाले, आणि मी हो म्हणताच चालायला लागले. चहासुद्धा घेतला नाही.

त्यांच्या सवयींनी आम्हाला वात आणला होता. रोज पहाटे ते घराच्या सगळ्या खिडक्या सताड उघडत. जून महिन्यात, मस्कतमध्ये! घरात शिळी हवा ठेवायची नसते म्हणे. बाहेरची ताजी हवा तव्यावरून उतरवल्यासारखी असायची, त्याला इलाज नव्हता. दुपारी एक ते तीन कुणी खिळा ठोकायचा नाही, मिक्सर लावायचा नाही, मुलांनी जिन्यात ओरडायचं नाही. आणि शनिवारी दुपारी चार वाजता झाडू. आपल्या दारापुढचा जिन्याचा तुकडा ज्याने त्याने झाडायचा. वॉचमन रोज झाडतो हे त्यांना सांगून उपयोग नव्हता.

"तो पगारासाठी झाडतो," काका म्हणायचे. "आपण शेजाऱ्याला तोंड दाखवायला झाडायचं. आमच्या गावात शनिवारी झाडू मारला नाही तर रविवारी लोक विचारतात, आजारी आहेस की भांडलायस?"

मी चरफडत झाडायचे. पण एक कबूल करायला हवं. शनिवारी चार वाजता सगळा मजला हातात झाडू घेऊन बाहेर यायचा आणि पाच वाजले तरी कुणी आत जात नसे. कुणाची बदली, कुणाचं पोट बिघडलंय, कुणाची मुलगी नापास झाली, हे सगळं मला त्या एका तासात कळायचं.

गावाचा इतिहास तर त्यांना तोंडपाठ होता. माझ्या माहेरच्या गावाचा इतिहास मला चार वाक्यांच्या पुढे सांगता येणार नाही, पण त्या गावात कुठल्याशा जुन्या लढाईत स्वीडनचे सैनिक आले तेव्हा लोकांनी गाई कुठल्या जंगलात लपवल्या हे मला आजही माहीत आहे. मोठ्या युद्धात चर्चची घंटा तोफांसाठी वितळवायला नेली. लहान घंटा लोकांनी रातोरात शेतात पुरली. ती इतकी छान पुरली की नंतर कुणालाच सापडली नाही. काका हे सांगताना पोट धरून हसायचे. शेजारच्या गावाशी एका जंगलाच्या हद्दीवरून त्या गावाचं तीन पिढ्यांचं वाकडं होतं, आणि दार्सैतमध्ये बसून काकाही त्या शेजारच्या गावावर मनापासून दात धरून होते.

"आई, काका इज टेलिंग द काऊ स्टोरी अगेन," माझी मुलगी सांगत यायची. "मी ऐकू? होमवर्क नंतर... करते." ती तीच गोष्ट कितीदा ऐके, देव जाणे. तिचं मराठी जे काही आहे ते निम्मं जर्मन गाईंवर वाढलेलं आहे.

भट्टीची गोष्ट मात्र आमच्या बिल्डिंगच्या कामी आली. त्या गावात पाव भाजायला सगळ्यांची मिळून एक दगडी भट्टी होती. पहिला नंबर कुणालाच नको असायचा, कारण थंड भट्टी तापवायला पहिल्या घरालाच जास्त लाकूड घालावं लागे. मागून येणाऱ्याला ती आयती तापलेली मिळे. म्हणून चिठ्ठ्या टाकायच्या. आमच्याकडे सावलीत गाडी लावायच्या जागा फक्त दोन, आणि त्यावरून रोजची हमरीतुमरी. काकांनी एका शनिवारी कॉफीच्या डब्यात चिठ्ठ्या टाकल्या आणि माझ्या मुलीला एक उचलायला लावली. भांडण मिटलं. काका निवृत्त होऊन चिपळूणला गेले, तरी डबा अजून फिरतो आहे.

आता चाचांबद्दल सांगायला हवं, कारण ते आल्यावर हे सगळं वेगळ्या वळणाला लागलं.

चाचा रत्नागिरीचे, रुवीत पडद्यांचं दुकान. काकांच्या उजव्या हाताचा फ्लॅट त्यांनी घेतला. सामान चढत होतं, चाचा आणि दोन हमाल जिन्यात सोफ्याखाली अडकले होते, चाची वरून सूचना देत होत्या. एवढ्यात काका बाहेर आले, चाचांचा मोकळा हात हातात घेतला आणि अत्यंत प्रेमाने म्हणाले, "या, या. तुम्ही माझे पहिले शेजारी. काही काळजी करू नका. तुम्ही गेलात की डोक्याकडची बाजू मी धरणार."

चाचांनी सोफा सोडला. तो एका हमालाच्या पायावर पडला.

"मी आत्ता तर आलोय!" चाचा ओरडले. "घरात पाऊल नाही टाकलं, आणि हा माणूस मला उचलायला निघाला! पागल आहे काय?"

चाचींनी त्या दिवशी दारात पाणी शिंपडलं. चाचांनी काकांशी बोलणं टाकलं ते टाकलंच. शनिवारी ते मुद्दाम पडद्यांची रिकामी खोकी जिन्यात आणून ठेवायचे आणि दार आतून लावून घ्यायचे. काका खोक्यांच्या कडेकडेने झाडायचे.

काकांच्या तोंडून वाईट काही निघालं नव्हतं, हे मला नंतर कळलं. त्यांच्या त्या गावात माणूस गेला की खांदेकरी बाहेरून आणत नाहीत. आजूबाजूच्या घरांतली सहा माणसं येतात. हल्ली शवपेटी थडग्यापर्यंत चाकांच्या गाडीवरून नेतात, पण खाली उतरवायला दोर लागतात, आणि दोर धरायला सहा माणसं. कुणी कुठला दोर धरायचा हे घरावर ठरतं. उजव्या हाताचं घर ते 'पहिले शेजारी', आणि ती दोन घरं एकमेकांच्या डोक्याकडचा दोर धरतात. काका तिथे राहायला गेल्यावर दुसऱ्याच थंडीत शेजारचा म्हातारा गेला. सकाळी दोन माणसं टोप्या हातात धरून दारात आली आणि म्हणाली, उद्या पायाकडचा उजवा दोर तुझा. काका गांगरले. मी हिंदू आहे, परका आहे, माझ्याकडे काळा कोटसुद्धा नाही, असं म्हणाले. ती माणसं म्हणाली, कोट आम्ही आणतो.

"बघ," काका मला सांगायचे, "कोण तू, असं विचारलंच नाही त्यांनी. कुठल्या घरात राहतोस एवढंच बघितलं."

हे सांगताना त्यांचा आवाज दर वेळी बारीक व्हायचा. परक्या मुलखात सहा-सात वर्षं राहिलेल्या माणसाला त्या दोराने गाव दिलं होतं. हे कळल्यावर मला त्यांचा झाडूसुद्धा आवडायला लागला.

ते परत यायला निघाले तेव्हा त्या घरमालकीण बाईंनी त्यांना बस येईपर्यंत हात धरून उभं केलं होतं. त्यांना मूलबाळ नव्हतं. "माझ्या वेळी डोक्याकडचा दोर तुझा," त्या म्हणाल्या होत्या, आणि काकांनी हो म्हटलं होतं. मग दर वर्षी तिकडे जाऊन यायचं ठरायचं आणि दर वर्षी रजा गणपतीत संपायची. रविवारी संध्याकाळी मात्र फोन ठरलेला. भिंतीपलीकडून आम्हाला त्यांचं घशातलं जर्मन ऐकू यायचं आणि मध्येच एखादं "अगं बाई!"

अशाच एका जूनमध्ये फोन आला. बाई गेल्या. नव्वदी उलटलेली, झोपेत गेल्या, तक्रार करण्यासारखं काही नव्हतं. दफन आठवड्याभराने होतं, तिकडे तेवढा वेळ घेतात. काकांनी त्याच दिवशी व्हिसासाठी खटपट सुरू केली. अर्ज द्यायची तारीखच पुढच्या महिन्यातली मिळाली. फॅक्टरीतल्या साहेबांनी फोन केले, कुणा ओळखीच्यांनी "इन्शाल्ला, होईल" म्हटलं. पण झालं नाही.

मी डाळ-ढोकळी द्यायला गेले तर काका खिडक्या लावून बसले होते. मला तेवढ्यावरून कळलं.

"दोर रिकामा ठेवत नाहीत," ते म्हणाले. "येता येत नसेल तर आपला माणूस पाठवायचा, आपल्या घरातला नाहीतर शेजारच्या. नाही पाठवला तर ते दुसऱ्या कुणाला उभं करतात, आणि मग तो दोर त्या घराचा. मी तिला शब्द दिला होता गं. आता कुणाला पाठवू? माझं घर गुहागरला, शेजार दार्सैतला."

मी बिल्डिंगच्या ग्रुपवर टाकलं, जर्मनीत कुणाचं कुणी आहे का? उत्तरं धडाधड आली. तळमजल्यावरच्या केरळी सिस्टरची बहीण आयर्लंडला होती. वरच्या गुजराती भाईंचे मेहुणे बेल्जियमला, "एकदम पास में ही है." चौघांनी हात जोडले, एकाने फूल पाठवलं. काका फोनकडे बघत होते आणि मला त्यांच्याकडे बघवत नव्हतं.

तेवढ्यात दार वाजलं. चाचा उभे होते. काका समोरच बसले असताना त्यांनी माझ्याकडे तोंड केलं.

"ताई, त्यांना सांगा, माझा भाचा आहे जर्मनीला. हॉस्पिटलात नर्स आहे. भाषा येते त्याला. दिवसभर पेशंट उचलतो, ताकद आहे."

"त्यांना विचार, काळा कोट आहे का त्याच्याकडे?" काका मला म्हणाले.

"सांगा, कोट घेईल. पण त्यांना विचारा, तिथे चर्चमध्ये त्याला काय म्हणायला लागेल काय? आपल्याला जे येत नाही ते कसं म्हणणार?"

"त्यांना सांग, काही म्हणायचं नाही. बाहेर थांबला तरी चालतं. दोर धरायचा आणि हळूहळू सोडायचा. सगळ्यांनी एकदम नाही. डोक्याकडचा सगळ्यात शेवटी सैल करायचा, नाहीतर पेटी कलते..."

"अरे, ताईला काय सांगता!" चाचा एकदम उसळले. "ताई जाणार आहे काय तिकडे? मला सांगा ना, मला!"

आणि काका उठून त्यांना सांगू लागले. मी डाळ-ढोकळी ओट्यावर ठेवली आणि गपचूप बाहेर पडले.

दुसऱ्या दिवशी शनिवार होता. त्या दिवशी आमच्या मजल्यावर जे घडलं ते बाहेरच्या कुणी पाहिलं असतं तर पोलिसांना बोलावलं असतं. भाच्याने दोर कधी धरला नव्हता, म्हणून काकांनी त्याला व्हिडिओ कॉलवर धडा द्यायचं ठरवलं. जिन्याच्या कठड्यावरून खालच्या मजल्यापर्यंत मोकळी जागा होती. चाचांचं पडद्याचं सगळ्यात मोठं खोकं आलं, त्यात तांदळाची पोती. दोर म्हणून पडद्यांच्या जाड दोऱ्या, रंग मोरपिशी. सहा माणसं: काका, चाचा, माझा नवरा, गुजराती भाई, सिस्टरचा नवरा आणि बांगलादेशी वॉचमन. माझी मुलगी फोन धरून. पलीकडे भाचा, त्याच्या हॉस्पिटलच्या खोलीत, हातात टॉवेल घेऊन.

"यल्ला, सोडा! हळू! भाई, तुम्ही घाई करताय!" काका ओरडत होते. "पेटी कलली! माणूस आहे आत!"

"काका, राइस आहे," माझी मुलगी म्हणाली.

इतक्यात बिल्डिंगचे मालक, आमचे ओमानी अर्बाब, एसीचं गळणं बघायला वर आले. मोरपिशी दोरांवर लटकलेलं खोकं पाहून ते जिन्यातच थबकले. चाचांनी घाम पुसत अरबीत सगळं सांगितलं. अर्बाबनी गंभीरपणे ऐकून घेतलं, ती बाई कोण लागायची असं विचारलं. चाचा क्षणभर अडखळले आणि म्हणाले, "जारा." शेजारीण. अर्बाबनी मान हलवली, आपल्या लांब झग्याच्या, दिशदाशाच्या, बाह्या सारल्या आणि दमलेल्या गुजराती भाईंच्या हातातला दोर आपल्या हातात घेतला. त्या खेपेला खोकं अगदी सरळ खाली गेलं. आम्ही टाळ्या वाजवणार होतो, पण काकांनी डोळे वटारले.

दफन बुधवारी होतं. काकांनी भाच्याला बजावलं होतं, मयताचं शूटिंग करायचं नाही, झाल्यावर फोन कर. त्यामुळे इथे बघण्यासारखं काहीच नव्हतं. दुपारी त्यांनी अर्धी रजा घेतली, आंघोळ केली आणि त्या गावाने तेव्हा आणून दिलेला जुना काळा कोट चढवला. त्याचं बटण लागत नव्हतं. मस्कतच्या उन्हात गॅलरीत जाऊन ते उभे राहिले. चाचा दुकान बंद करून आले आणि त्यांच्या शेजारी जाऊन उभे राहिले. मीही दारात होते. काकांच्या दोन्ही मुठी पोटाशी होत्या, आणि थोड्या वेळाने त्या इंचाइंचाने खाली जाऊ लागल्या. चाचांनी ते पाहिलं आणि दुसरीकडे तोंड फिरवलं.

मग चाचांचा फोन वाजला.

"मामू, झालं," भाच्याचा आवाज स्पीकरवर आला. "काकांना द्या. काका, जरा गडबड झाली होती. मी पोचलो तेव्हा तुमच्या जागेवर एकजण उभाच होता. उंच माणूस. तुमच्याकडून कुणी येईल असं त्यांना वाटलं नव्हतं. मी तुमचं नाव सांगितलं. तर त्याने विचारलं, तू त्याचा कोण?"

"मग?" काकांनी फोन हातात घेतला.

"आधी वाटलं पुतण्या सांगावं. पण म्हटलं, मयतावर खोटं नको. मी म्हणालो, मी त्यांच्या शेजारच्या घरातला. तर त्याने लगेच दोर काढून माझ्या हातात दिला."

"शेवटी सोडलास?"

"सगळ्यात शेवटी, काका. जराही कलली नाही."

काकांनी फोन चाचांना परत दिला. "चांगला मुलगा आहे हो तुमचा भाचा," एवढंच म्हणाले, आत गेले आणि पुन्हा अंगावर पाणी घेतलं. स्मशानातून आलेला माणूस घेतो तसं. मला वाटलं होतं ते रडतील. पण ते खुर्चीत बसून राहिले आणि माझ्या मुलीला भट्टीबद्दल काहीबाही सांगत राहिले. मी घाबरून दोनदा डोकावून आले.

संध्याकाळी मगरिबची नमाज झाल्यावर चाचा आणि चाची आले. चाचांच्या हातात टोप होता, चाचींच्या हातात झाकलेली डाळ.

"आमच्यात मयत झालेल्या घरी चूल पेटवत नाहीत," चाची म्हणाल्या. "शेजाऱ्यांनी पोचवायचं असतं."

"आमच्यातही तसंच," काका म्हणाले. "पण वहिनी, माझ्या घरी कुठे कोण..."

"मग कुणाच्या घरी?" चाचांनी विचारलं.

मी ताट घेतलं, चाचींनी वाढलं. काका जेवायला बसले. डाळ चांगली झालीय म्हणाले, भात दोनदा मागून घेतला. आणि तिसऱ्यांदा चाची वाढायला वाकल्या तेव्हा ताटावर हात आडवा धरून हमसाहमशी रडले.